एकाच कढईतला खिमा-बटाटा पाय : संध्याकाळी साडेसहाला घरी पोचणाऱ्यांसाठी

आधी नावाचा घोळ मिटवू. हा 'पाय' बोकडाचा नव्हे. पहिल्यांदा फोनवर आईला म्हटलं, "आज पाय करतोय," तर ती म्हणाली, "बुधवारचे कुठे मिळाले तुला पाय? आणि नीट भाजून घेतलेस ना, केस राहतात." खाटकाकडेही 'पायसाठी खिमा द्या' असं बोलू नका. आमच्याने दोन्ही जिन्नस तोलायला घेतले होते.

पदार्थ इंग्रजांचा आहे. खाली शिजवलेला खिमा, वर कुस्करलेल्या बटाट्याचा थर आणि तो थर वरून खरपूस झालेला. मेंढीचं मांस असेल तर त्याला शेफर्ड्स पाय म्हणतात, गाईचं असेल तर कॉटेज पाय. यातलं दुसरं नाव जुनं, १७९१ पासूनचं. आदल्या दिवशीचं भाजलेलं मांस उरलं की ते संपवायची ही त्यांची घरगुती युक्ती. इंग्रजीत पाय म्हणजे एरवी पारीत भरून भाजलेला पदार्थ, पण इथे नावात पाय असला तरी मैद्याची पारी वगैरे काही नाही. आपल्या माणसाला सांगायचं तर खिमा पॅटिस डोळ्यांसमोर आणा, त्यातला वळण्याचा आणि तळण्याचा ताप काढून टाका आणि जे उरेल ते कढईत पसरा. बटाटा हा शब्दच मुळी आपण पोर्तुगीजांकडून घेतला, तेव्हा किनाऱ्यावरच्या स्वयंपाकघरात आणखी एक परका पदार्थ आला तर बिघडलं कुठे?

मी रत्नागिरीत राहतो. बायको नर्स आहे. तिची दुपारपाळी असली की रात्रीचं जेवण माझ्या गळ्यात, आणि घरात नऊ वर्षांची मुलगी, जी आठ वाजले की भुकेने रडकुंडीला येते. एरवी बुधवार-शुक्रवार मासळीवर निभावतो. पण १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद, मिरकरवाडा बंदरातल्या होड्या शाकारलेल्या, बाजारात मिळेल ते खाडीचं नाहीतर बर्फातलं. आणि पुढे लगेच श्रावण. त्या मधल्या आठवड्यांत हा पदार्थ आमच्याकडे रुळला. पहिले चार मात्र फसले, आणि चारही एकाच कारणाने : पाणी. कधी खिम्यात, कधी बटाट्यात, एकदा तर झाकणावरून ठिबकलेलं. म्हणून खाली मी पाण्याबद्दल जरा जास्तच बोलणार आहे.

वेळेचंही खरं सांगून ठेवतो. 'अर्ध्या तासात तयार' हे पाकिटावर छापायला ठीक आहे. पहिल्या खेपेला सव्वा तास धरा. हात बसला की पन्नास मिनिटं, आणि बटाटे सकाळीच उकडून ठेवले असतील तर चाळीस.

काय काय लागेल (चौघांना पोटभर)

बोकडाचा खिमा अर्धा किलो
बटाटे ६५०–७०० ग्रॅम, म्हणजे मध्यम सहा
कांदे दोन मोठे, बारीक चिरून
आलं-लसूण वाटण दीड मोठा चमचा
मालवणी मसाला दोन चहाचे चमचे, हळद पाव चमचा, मिरपूड अर्धा चमचा
आमसुलं तीन
तांदळाचं पीठ एक मोठा चमचा
लोणी किंवा बटर दोन मोठे चमचे
नारळाचं जाड दूध तीन-चार मोठे चमचे
तेल दोन मोठे चमचे, मीठ, कोथिंबीर

भांडी : साधारण २५ सेंटिमीटरची, म्हणजे दहा इंची, बिडाची खोलगट कढई किंवा जाड बुडाचं पसरट भांडं, त्यावर बसणारं झाकण, कालथा, पावभाजीचा मॅशर, काटा, एक लोखंडी तवा. 'एकाच कढईत' म्हटलंय खरं, पण बटाटे कुस्करायला एक परात लागतेच. ती मी मोजत नाही.

कढईबद्दल एक इशारा. घरात घावण्यांचा बिडाचा तवा असेल तर त्याच्याकडे बघूसुद्धा नका. तो खोलगट आहे, जाड आहे, या कामाला अगदी नेमका वाटतो, म्हणून मी एकदा घेतला. खिमा तळाला लागला, मी तो कालथ्याने खरवडला, आणि वर्षानुवर्षं तेल पिऊन तयार झालेली तव्याची काळी गुळगुळीत पाठ दोन ठिकाणी सोलून निघाली. पुढच्या आठवड्यात आई गावाहून आली. पहिलं घावण तव्याला चिकटलं, दुसरं फाटलं. तिसऱ्याला तिने तवा उचलून उजेडात धरला, वास घेतला आणि माझ्याकडे पाहिलं. मटणाचं भांडं वेगळं ठेवा.

पायरी १ : खिमा आणताना

सगळा खेळ निम्मा खाटकाच्या दुकानातच ठरतो. तीन गोष्टी सांगायच्या.

एक, मांस आधी धुवा आणि मग खिमा करा. बहुतेकजण घरी येऊन खिमा चाळणीत घालून नळाखाली धरतात. तयार खिमा स्पंजासारखा पाणी धरतो. ते पाणी मग कढईत सुटतं आणि परतायचं म्हणून घेतलेला खिमा नुसता उकडत बसतो. दुकानातच तुकडा धुवायला सांगा, फडक्याने टिपायला सांगा, मग यंत्रात घालू द्या.

दोन, थोडी चरबी राहू द्या. बोकडाचं मांस मुळात कोरडं. सगळी चरबी काढून घेतली तर सारण भुशासारखं होतं. पुढच्या पायाचा, खांद्याकडचा भाग मागा, त्यात चरबी बेताची असते. नुसत्या मांडीचा खिमा दिसायला छान, खायला रुक्ष.

तीन, एकदाच काढलेला जाडसर खिमा घ्या. दोनदा यंत्रातून गेलेला कबाबाला चांगला, इथे त्याची पेस्ट होते.

आणि तो दुकानात बसल्या बसल्या करून घ्या. सकाळी कापून उघड्यावर ठेवलेला खिमा संध्याकाळी घेऊ नका, विशेषतः आपल्या दमट हवेत. अखंड तुकड्यापेक्षा खिमा लवकर खराब होतो, कारण हवा आणि हात लागलेला भाग त्यात सगळीकडे मिसळलेला असतो. आणला की त्याच दिवशी शिजवा. संध्याकाळी दुकान बंद असेल तर सकाळी आणून फ्रीजमध्ये, आणि तोही घट्ट डब्यात.

पायरी २ : बटाटे, त्याच कढईत

बटाटा कोणता, हे कुणी सांगत नाही. नवा बटाटा, पातळ सालीचा, नखाने साल निघते तसला, पाणचट असतो आणि कुस्करला की चिकटतो. जुना, जाड सालीचा घ्या. शीतगृहातून आलेला कधीकधी गोड लागतो, कारण थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते. असा निघाला तर मिरपूड वाढवा, दुसरा इलाज नाही.

साल काढून बोटाएवढ्या जाडीच्या चकत्या करा. कढईत चकत्या, त्या बुडतील एवढं थंड पाणी, चमचाभर मीठ, आणि मग गॅस. उकळत्या पाण्यात टाकू नका, बाहेरून गळतात आणि आतून कच्चे राहतात. उकळी आल्यावर दहा ते बारा मिनिटं. सुरी घातली की आपोआप खाली गेली पाहिजे. तेवढ्यात कांदा चिरून घ्या.

आता महत्त्वाचं. पाणी पूर्ण ओतून टाका आणि बटाटे परत कोरड्या कढईत घालून मंद आचेवर दोन मिनिटं ठेवा, कढई हलवत. आधी वाफ निघते, मग चकत्यांच्या कडा पांढुरक्या, पिठूळ दिसू लागतात. हे दिसलं की थांबा. ही दोन मिनिटं मी पहिल्या तीन वेळा वाचवली होती.

बटाटे परातीत काढा आणि गरम असतानाच मॅशरने कुस्करा. मिक्सर नको! पुन्हा सांगतो, मिक्सर नको. पात्यांनी बटाट्यातला स्टार्च फुटून बाहेर येतो आणि हाती लागते ती खळ, सुती साड्यांना घालतात तशी. चमच्याला तार येते. माझ्या दुसऱ्या पायाचा वरचा थर सुरीने कापताना रबरासारखा ताणला गेला होता.

कुस्करून झाल्यावर आधी लोणी घाला, ते सगळीकडे लागू द्या, मग नारळाचं दूध कोमट करून चमच्या-चमच्याने. लोण्याचा हात आधी फिरला की बटाटा चिकट होत नाही. नारळाच्या दुधाऐवजी साधं दूधही चालतं, पण नारळाने जो हलका गोडवा येतो तो मालवणी मसाल्याला छान धरतो. जाडच दूध घ्या, दुसऱ्या पाण्याचं नको. चार चमच्यांवर जाऊ नका. लगदा कालथ्यावर घेऊन उलटा केला तर दोन-तीन क्षण चिकटून राहिला पाहिजे. मिरपूडही इथेच. बटर वापरत असाल तर ते खारट असतं, चव बघूनच मीठ घाला.

सकाळी वरण-भाताच्या कुकरमध्ये बटाटे सालासकट लावून ठेवणं हा शहाण्यांचा मार्ग. सालासकट उकडलेला बटाटा पाणीही कमी पितो. फक्त संध्याकाळी ते गार झालेले असतात आणि मॅशरने गुठळ्या राहतात. अशा वेळी सरळ किसणीवर किसा. लोणी पातळ करून वरून चोळा, झालं. खरं सांगायचं तर किसलेल्याचा थर जास्त कुरकुरीत होतो, आता मी बहुतेकदा असाच करतो.

पायरी ३ : खिमा परतणे

कढई पुसून घ्या. मोठी आच, तेल. तेल चांगलं तापल्यावर खिमा घाला, कालथ्याने पातळ पसरा आणि हात बाजूला घ्या. तीन-चार मिनिटं अजिबात ढवळू नका. सवयीने हात जातोच, म्हणून मी त्या वेळात लसूण सोलतो. ढवळत राहिलं की खिमा पाणी सोडतो आणि करडा, उकडलेला होतो. तसाच राहू दिला तर तळाशी तपकिरी पापुद्रा धरतो, आणि अख्ख्या पदार्थाची चव त्या पापुद्र्यात असते. कढई लहान असेल तर दोन खेपांत करा.

एक बाजू तपकिरी झाली की उलथा, गुठळ्या फोडा, आणखी दोन-तीन मिनिटं. मग खिमा कडेला सारून मधल्या मोकळ्या तेलात कांदा घाला. कांदा गुलाबी झाला की आलं-लसूण, त्याचा कच्चा वास गेला की हळद, मालवणी मसाला, मीठ एक चहाचा चमचा. मसाला एक मिनिटच परता, तळाशी करपला तर कडू होतो. मालवणी मसाला घरोघरी वेगळा. आमच्याकडचा आईच्या हातचा, त्यात संकेश्वरी मिरची सढळ असते, म्हणून दोन चमचे म्हणजे दोनच. तुमचा बेडगीवाला, नुसता रंगाचा असेल तर तीन घाला. त्यात तिरफळं असतील तर मात्र तो माशांनाच ठेवा.

टोमॅटो मी घालत नाही. एक टोमॅटो म्हणजे परत वाटीभर पाणी. आंबटपणासाठी आमसुलं आहेत ना.

पायरी ४ : शिजवणे आणि मग आटवणे

अर्धी वाटी गरम पाणी घाला. तळाचा पापुद्रा कालथ्याने सोडवून घ्या, झाकण ठेवा आणि मंद आचेवर बारा ते पंधरा मिनिटं शिजू द्या. बोकडाच्या खिम्याला एवढा वेळ लागतोच. कोंबडीचा खिमा असेल तर सात-आठ मिनिटांत होतो. शेवटची पाच मिनिटं राहिली की आमसुलं धुऊन घाला. त्यांना मीठ लावलेलं असतं, म्हणून मघाचा मिठाचा चमचा सपाट हवा होता. बिडाच्या कढईत आंबट पदार्थ फार वेळ उकळू नये, लोखंडाचा वास लागतो. पाच मिनिटांनी काही होत नाही. आमसुलं शेवटी वेचून काढा, नाहीतर वाढताना नेमकं मुलांच्या ताटात येतं.

आता झाकण काढा, आच वाढवा. तांदळाचं पीठ वरून भुरभुरवा आणि ढवळत आटवा. इंग्रज इथे मैदा वापरतात. आपल्याकडे डब्यात तांदळाचं पीठ असतंच आणि ते हलकंही बसतं.

कधी थांबायचं, हे असं ओळखा. कढईच्या मधून कालथा ओढा, तळ दिसेल अशी वाट पाडा आणि पाच आकडे मोजा. वाटेत पाणी ओघळून आलं तर अजून आटवा. वाट तशीच कोरडी राहिली आणि कडेला नुसतं लालसर तेल सुटलेलं दिसलं तर गॅस बंद. तेल जास्त वाटलं तर चमच्याने काढून घ्या, पण टाकू नका. ते पुढच्या पायरीला लागतं.

चव याच वेळी बघा. वर बटाट्याचा थर बसल्यावर तिखट-मीठ दुरुस्त करता येत नाही. नुसता खाताना खिमा किंचित जास्त तिखट, किंचित जास्त आंबट लागला पाहिजे, कारण बटाटा ते दोन्ही शोषून घेतो.

कोथिंबीर घाला आणि पाच मिनिटं उघडाच ठेवा. गरम वाफाळत्या खिम्यावर लगेच बटाटा थापला तर तो खाली बुडतो आणि सगळ्याची खिचडी होते.

पायरी ५ : थर

लगद्याचा एकच मोठा गोळा मध्ये टाकून पसरायला जाऊ नका, खिमा सोबत ओढला जातो. लहान लहान गोळे आधी कडेने ठेवा, मग मध्ये, आणि ओल्या चमच्याने हलकेच जोडा. कडेची फट बुजवा. कुठे भोक राहिलं तर तिथून रस्सा वर येतो आणि तेवढा भाग कधी लाल होत नाही.

मग काट्याने वरून रेघा ओढा, शेण सारवल्यावर अंगणात उमटतात तशा. या नक्षीसाठी नाहीत. उंचवटे जास्त, तेवढ्या खरपूस कडा जास्त. त्यावर मघाचं लाल तेल ब्रशने किंवा बोटांनी लावा. मिरचीच्या रंगामुळे थर निम्मा इथेच सुंदर दिसायला लागतो.

पायरी ६ : वरून लाली

इथे बहुतेकजण अडतात, कारण पाककृती ओव्हनवाल्यांनी लिहिलेल्या असतात. आता आतलं सगळं शिजलेलं आहे. ही पायरी फक्त वरच्या थरासाठी. आपल्याकडे तीन वाटा.

ओटीजी, म्हणजे विजेचा छोटा ओव्हन, असेल तर २३० अंशांवर दहा मिनिटं आधी तापवा, फक्त वरची सळई चालू ठेवा, आठ ते दहा मिनिटं. पण आधी, म्हणजे आज सकाळीच, रिकामी कढई आत घालून दार लागतंय का ते बघा. दोन कान असलेली दहा इंची कढई लहान ओटीजीत मावत नाही. मला हे भरलेली, गरम कढई हातात असताना कळलं. नॉनस्टिक भांडं असेल आणि त्याची मूठ प्लास्टिकची असेल तर ते ओटीजीत अजिबात नको.

दुसरी वाट मला जुलैमधल्या एका रात्री सापडली. बाहेर पाऊस, पाय ओटीजीत, आणि चौथ्या मिनिटाला वीज गेली. आपल्याकडे पावसाळ्यात ती गेली की कधी येईल ते सांगता येत नाही. मुलगी मेणबत्ती घेऊन उभी. तेव्हा आईचं कोळंबीचं भानोलं आठवलं, बेसनात बांधून भाजलेलं. गावी ते खाली मंद आच आणि वर झाकणावर निखारे ठेवून होतं. निखारे कुठून आणणार, म्हणून लोखंडी तवा मोठ्या आचेवर पाच-सहा मिनिटं कडक तापवला आणि कढईच्या काठावर आडवा ठेवला, तापलेली बाजू बटाट्याकडे. खाली कढईला अगदी मंद आच. सात मिनिटांनी पाहिलं तर रेघांच्या कडा तांबूस! तवा एकदा परत तापवून ठेवला, आणखी पाच मिनिटं. ओटीजीइतका एकसारखा रंग येत नाही, ठिपके-ठिपके येतात, पण चव पुरेपूर. अट एवढीच की तवा आणि बटाटा यांच्यात बोटभरच अंतर हवं. कढई फार खोल असेल तर धग पोचत नाही. आणि तवा उचलायला जाड फडकं नव्हे, सांडशी घ्या.

तिसरी वाट चूलवाल्यांची. पत्र्याच्या किंवा पितळी झाकणावर करवंट्यांचे निखारे, आठ-दहा मिनिटं. तवसाचं धोंडस, म्हणजे काकडीचा गोड केक, ज्यांनी असं केलंय त्यांना मी काय शिकवणार. याच्याइतका सुरेख रंग दुसऱ्या कशानेच येत नाही. मात्र हे पडवीत किंवा मागच्या दारी करा. फ्लॅटच्या बंद स्वयंपाकघरात निखारे ठेवू नका. कोळशातून निघणारा विषारी वायू वासाने कळत नाही.

एक चौथी वाटही सुचेल तुम्हाला : ताटात उलटा करून परत कढईत सरकवायचा, दुसरी बाजू भाजायची. मला सुचली होती. भानोलं उलटतं कारण त्यात बेसनाने सगळं बांधलेलं असतं. हा सुटा खिमा आहे. निम्मा गॅसच्या शेगडीवर गेला, उरलेला आम्ही भुर्जी म्हणून खाल्ला.

आणि नुसतं साधं झाकण ठेवून काम भागवायचा मोह टाळा. झाकणाच्या आतल्या बाजूला वाफ धरते आणि थेंब थेंब बटाट्यावर पडते. गरम तव्यावर थेंब धरत नाहीत, फरक तोच. माझा चौथा पाय असा वरून गेला.

पायरी ७ : दहा मिनिटं धीर

उतरवल्यावर दहा मिनिटं हात लावू नका. तेवढ्यात खिमा घट्ट बसतो आणि कालथ्याने चौकोनी तुकडा सरळ उचलता येतो. लगेच वाढलात तर ताटात ढीग पडेल. या दहा मिनिटांत कांदा-काकडी चिरा, लिंबू कापा, सोलकढी ढवळा. पाव असेल तर कढईच्या शेजारी गरम करा. भात लावायची गरज नाही, बटाटा आहे. आईला हे पटत नाही. ती शेजारी मूठभर भात घेतेच.

खिमा मिळाला नाही तर

सोडे, म्हणजे सोलून वाळवलेली कोळंबी. सोडे-बटाटा हे काही नवं लग्न नव्हे. शंभर ग्रॅम सोडे कोमट पाण्यात वीस मिनिटं भिजवा, धुऊन घट्ट पिळा, बारीक चिरा आणि खिम्याच्या जागी वापरा. कांदा दुप्पट घ्या. शिजायला दहा मिनिटं पुरतात. मीठ शेवटीच, सोडे स्वतःच खारट असतात. ताजी कोळंबी मात्र यात घालू नका. परतायला, आटवायला लागणाऱ्या वेळात ती चिवट होते, आणि तिचं पाणी सुटतं ते वेगळंच.

उरलं तर, आणि कढई

उरलेला पाय कढईतच झाकून ठेवू नका. बिडात आमसुलाचा आंबटपणा रात्रभर राहिला तर सकाळी खिमा काळपट आणि चव लोखंडी. स्टीलच्या किंवा काचेच्या डब्यात काढा, दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. दुसऱ्या दिवशी सगळा एकत्र कालवून चपट्या टिक्की करा, रव्यात घोळवून तव्यावर भाजा. डब्यात पावाबरोबर द्यायला बरं पडतं. आतपर्यंत कडकडीत गरम होऊ द्या, नुसता कोमट करून खाऊ नका.

कढई त्याच रात्री धुवायची. साबणाच्या पाण्यात बुडवून ठेवली की संपलं, आपल्या पावसाळी हवेत सकाळपर्यंत तांबूस गंज धरतो. गरम पाणी घाला, नारळाच्या सोडणाने घासा, पुसा, गॅसवर मिनिटभर ठेवून पूर्ण सुकवा आणि गरम असतानाच तेलाचं बोट फिरवा. मग कागदात गुंडाळून ठेवा. घावण्यांच्या तव्यापासून लांब.